आप्पांचा दहावा

राजुरीच्या ओढ्याकाठची दशक्रियेची शेड सुदर्शननेच बांधली होती. सरपंच झाल्यावरचं त्याचं ते पहिलं काम. पत्र्याखालच्या कमानीवर 'सरपंच सुदर्शन गुंजाळ यांच्या प्रयत्नातून' ही अक्षरं अजून शाबूत होती. त्यानंतर त्याला पंचायत समिती मिळाली, जिल्हा परिषद मिळाली, आमदारकी मिळाली आणि गेल्याच आठवड्यात मंत्रिपदाची शपथ झाली, पण पाटी बदलायचं कुणाच्या ध्यानात आलं नव्हतं. आज त्याच पाटीखाली त्याच्या थोरल्या भावाचा, सोपानआप्पांचा दहावा होता आणि मंत्री अजून पोचायचे होते.

आप्पांची बायको सरूबाई खांबाला टेकून बसली होती. सकाळपासून माणसं येत होती. आण्याच्या पठारावरची आली, बेल्ह्याची आली, पार आंबेगावातल्या मंचर-घोडेगावची आली. घाटघरचा म्हातारा भागू तर पहिली एसटी धरून जुन्नरला उतरला आणि तिथून मिळेल त्या गाडीने आला. येणारा प्रत्येक जण आधी सरूबाईपुढे बसायचा आणि सांत्वनाऐवजी आपल्याच घरचं मरण सांगायचा.

"आमची म्हातारी गेली तवा आप्पा आले व्हते," भागू म्हणाला. "पाऊस असा, की भटजी आला न्हाई. आप्पा आले. चिखलात बसून राह्यले माझ्याजवळ."

"व्हय भागूबाबा," सरूबाई म्हणाली. "ताप घिऊन आले व्हते त्या दिवशी घरी."

या मुलखात लग्नाला नाही गेलं तर माणसं एखादा कडक चहा घेऊन माफ करतात. दहाव्याला नाही गेलं तर माफी नसते, हे राजकारण करणाऱ्याला कुणी शिकवावं लागत नाही. सुदर्शन आमदार झाला, त्याचा मुक्काम मुंबईत वाढला, तेव्हा त्याच्या वाटचे दहावे आप्पांनी उचलले. भल्या सकाळी निजाम जीप घेऊन दारात उभा राहायचा. कधी तीन दहाव्यांचे घाट, कधी चार. आप्पा भाषण करत नसत. जाऊन बसत आणि पिंडाला कावळा शिवेपर्यंत उठत नसत. मतं मात्र सुदर्शनच्या पेटीत पडत.

निजाम पाण्याचा तांब्या घेऊन आला. जुन्नरचा हा माणूस आप्पांबरोबर इतके दहावे फिरला होता की मंत्र सोडून बाकीचा सगळा विधी त्याला पाठ होता.

"वहिनी, दोन घोट घ्या. आळेफाटा ओलांडला म्हनं सायबांनी."

"निजामभाऊ, आज गटाचं नाव जाहीर करनार म्हंत्यात. खरं का?"

निजामने तांब्या तिच्या हातात दिला. जिल्हा परिषदेचा त्यांचा गट या वेळी महिलांसाठी राखीव झाला होता आणि महिनाभर तालुक्यात दुसरा विषय नव्हता. सुदर्शनची सून श्रेया, की आप्पांची लेक स्नेहल?

"बोलत्यात तसं," तो म्हणाला. "पन सायेब आप्पांना दिलेला शब्द इसरायचे न्हाईत, वहिनी."

सरूबाईने तांब्या तोंडाला लावला. शब्द तिच्याच चुलीपुढे दिलेला होता. त्या वर्षी सरपंचपदासाठी गाव आप्पांच्या दारात आलं होतं. आप्पांनी शिकलेल्या धाकट्या भावाला पुढे केलं. सुदर्शनने आप्पांचे पाय धरले आणि म्हणाला, दादा, पुढची पहिली संधी तुझ्या घरात. त्यानंतर दर निवडणुकीला तो तेवढ्याच मायेने येऊन बसायचा. दादा, एवढी एक वेळ थांब. सगळं तुझ्या मनासारखं होईल. आप्पा थांबायचे. सरूबाईला राग यायचा, मग रागाची लाज वाटायची, कारण सुदर्शनही तिने लेकरासारखाच वाढवला होता.

*

गाडीत सुदर्शन मागच्या सीटवर डोळे मिटून बसला होता. झोप नव्हती. शेजारी त्याचा मुलगा ऋषी बाहेर बघत होता. पुढे-मागे पोलिसांच्या गाड्या होत्या.

"शेवटी बोलायला उभा राहिलो की श्रेयाचं नाव घेतो," सुदर्शन म्हणाला. "तालुका असा एका जागी परत कधी गोळा होणार? वरूनही तिच्या नावाला होकार आलाय."

"पप्पा, आप्पांच्या दहाव्यात?"

"दहाव्यातच बोललं जातं आपल्याकडे. तुला काय नवीन आहे?"

"श्रेयाला नकोय ते."

"सुरुवातीला सगळे नकोच म्हणतात. मीपण म्हणालो होतो."

"तुम्ही म्हणाला नव्हता. आप्पा म्हणाले होते," ऋषी म्हणाला.

सुदर्शनने डोळे उघडले. मुलाच्या आवाजात भांडण नव्हतं. सुदर्शन म्हणाला, "वहिनी समजून घेईल. तिनं आजवर समजूनच घेतलंय."

"आणि मुंडण?"

"सुनीलला निरोप गेलाय. नुसता वस्तरा टेकवायचा. संध्याकाळी चॅनेलवर मुलाखत आहे."

आप्पा गेले त्या दिवशी मंत्रिमंडळाची नावं ठरत होती. सुदर्शन अंत्यविधीला आला तो पाव तास. मुखाग्नी स्नेहलने दिला. चौथ्या दिवशी सुतकात त्याने शपथ घेतली. गावाने कौतुकाचे फ्लेक्स लावले आणि त्याच गावाने पारावर बसून तोंडंही वाकडी केली. त्याला दोन्ही कळलं होतं. भाऊ गेल्यापासून त्याच्या डोळ्यांत पाणी आलं नव्हतं. सवड मिळाली की रडू, असं काहीतरी त्याने मनाशी ठरवून टाकलं होतं, आणि त्या ठरवण्याची त्याला आता भीती वाटू लागली होती. राजुरीची कमान दिसली तसा त्याने सवयीने सदरा नीट केला.

*

स्नेहल ओल्या साडीत भटजींसमोर बसली होती. सायरन ऐकून तिने मान वर केली नाही. आप्पांचं हृदयाचं दुखणं कळलं तेव्हा ती पुण्यातली नोकरी सोडून आली आणि जीपमध्ये मागे बसू लागली. पुरुष आप्पांशी बोलत, बाया तिच्याशी. कुणाचं पेन्शन अडलंय, कुणाच्या सुनेला दवाखान्यात न्यायचंय, हे तिला घाटांवरच कळलं. आप्पा गेल्यावर सातव्या दिवशी तिने मनाशी पक्कं केलं होतं. काकांनी नाव घेतलं नाही तरी ती उभी राहणार होती, अपक्ष. आईला तिने सांगितलं नव्हतं. आज श्रेयाचं नाव जाहीर झालं तर उद्यापासून गुंजाळांचं घर दोन होणार होतं, आणि आईला कुठल्या दारात बसवायचं, हे तिला ठरवावं लागणार होतं.

गाड्या थांबल्या. कार्यकर्ते उतरले, कॅमेरे उतरले. सुदर्शन पोलिसांचं कडं तोडून चालत आला. त्याची चाल स्नेहलच्या ओळखीची होती. पहिल्या रांगेतल्यांना मान, दुसऱ्या रांगेला हात, एका म्हाताऱ्याचा खांदा दाबणं. ऋषी त्याच्याबरोबर आला नाही. तो सरळ सुनील न्हाव्यापुढे जाऊन बसला आणि त्याने मान खाली घातली.

सुदर्शन सरूबाईपुढे आला, वाकला, हात जोडले.

"फार वाईट झालं," तो म्हणाला. "आम्ही तुमच्या दुःखात सहभागी आहोत. काही लागलं तर हक्कानं सांगा."

बोलून झालं तरी हात जोडलेलेच होते. हीच वाक्यं तो आयुष्यभर याच स्वरात म्हणत आला होता, ओतूरला, बेल्ह्याला, घोडेगावला, आणि ऐकणाऱ्यांचे डोळे भरून येत होते. आज समोर त्याची स्वतःची भावजय होती.

सरूबाई त्याच्याकडे बघत राहिली. तिला राग आला नाही. कीव आली.

"भाऊजी," ती हळू म्हणाली, "तुमी कुणाच्या दहाव्याला आलाय?"

सुदर्शनचे हात सुटले. आजूबाजूच्या दोन-चार जणांनी ऐकलं होतं आणि ते दुसरीकडे बघू लागले होते. तो काहीतरी म्हणणार होता, तेवढ्यात भटजींनी पिंड दगडावर ठेवला आणि सगळ्यांना मागे सरायला सांगितलं.

*

कावळा येईना.

एरवी या ओढ्यावरचे कावळे माणसांना सरावलेले, भात दिसला की झेपावणारे. आज सायरन, जनरेटर आणि स्पीकर यांनी ते पांगले होते. लांबच्या बाभळीवर एक बसला होता, पण तोही मान तिरकी करून नुसता बघत होता. निजामने पळत जाऊन जनरेटर बंद करायला लावला. घाटावर पाण्याचा आवाज तेवढा राहिला.

"कुनाचा शब्द द्यायचा राह्यला असंल तर द्या," जमलेल्या म्हाताऱ्यांपैकी कुणीतरी म्हणालं. "जीव अडकलाय त्यांचा."

स्नेहल पुढे झाली. "आप्पा, आईला मी सांभाळीन."

निजाम म्हणाला, "आप्पा, जीप चालू राहील. कुनाचा दहावा सुटनार न्हाई."

भागूने नुसते हात जोडले. गोटा झालेलं डोकं घेऊन ऋषी उभा राहिला. "आप्पा, स्नेहलताईच्या आड मी येणार नाही. श्रेयापण येणार नाही." त्याने बापाकडे बघितलं नाही.

बाभळीवरचा कावळा एक फांदी खाली आला आणि तिथेच बसला.

आता सगळा घाट सुदर्शनकडे बघत होता. शब्द कोणता, हे आण्यापासून घाटघरपर्यंत सगळ्यांना माहीत होतं. कॅमेऱ्यांचे लाल दिवे लागलेले होते. सुदर्शन पुढे आला. त्याच्या ओठांवर स्नेहलचं नाव होतं, निदान नंतर त्याला तसं वाटत राहिलं. पण डोक्यात मुंबई होती. वरचा होकार, बदललं तर कुणाकुणाला काय सांगायचं, इथे चारचौघांत बोललो तर मागे घेता येणार नाही. इतक्या वर्षांत त्याची जीभ डोक्याच्या आधी कधी हलली नव्हती.

"दादा," तो म्हणाला, "सगळं तुझ्या मनासारखं होईल."

सरूबाईने खांब सोडला.

कावळा बाभळीवरच होता. माणसं ताटकळली, उन्हाने पत्रा कडकडू लागला. सुदर्शनच्या साहाय्यकाने घड्याळाकडे बघितलं. भटजी म्हणाले, "बाई, अजून थोडं थांबून बघू. साहेबांनी एकदा नीट..."

"न्हाई," सरूबाई म्हणाली. ती उठून पिंडाजवळ आली होती. "गुरुजी, दर्भाचा कावळा करा."

"अहो, पण..."

"करा म्हनते ना. जित्ते व्हते तवा लई थांबले ते. दर वेळी थांब म्हनलं की थांबले. आता न्हाई थांबायचे. कुनाच्या शब्दासाठी न्हाई, भावासाठी न्हाई, लेकीसाठीबी न्हाई." तिचा आवाज फुटला, पण ती थांबली नाही. "जाऊ द्या त्यांना. मोकळं करा माझ्या मानसाला."

भटजींनी दर्भाच्या काड्या वळल्या, गाठ मारली आणि तो एवढासा कावळा स्नेहलच्या हातात दिला. स्नेहलने तो पिंडाला लावला. तिला वाटलं होतं आई तिकिटासाठी झुरतेय. आईने तिच्या नावाचा हट्ट सगळ्यांसमोर सोडून दिला होता, आणि स्नेहल दहा दिवसांत पहिल्यांदा मोठ्याने रडली.

*

सूत्रसंचालकाला कार्यक्रम थांबवता येणार नव्हता. त्याने ठरल्याप्रमाणे माईक हातात घेतला. "आता आपल्या सर्वांचे मार्गदर्शक, राज्याचे नामदार..."

सुदर्शन माईकपाशी गेला. समोर तालुका होता. राज्यभर सभा गाजवणारा हा माणूस माईक धरून उभा राहिला आणि त्याला एकही वाक्य आठवेना. जे आठवत होतं ते सगळं दुसऱ्यांच्या दहाव्यात वापरलेलं होतं. पुण्यशील, कष्टाळू, परिसरात पोकळी. त्याने मान वळवून भावजयीकडे बघितलं.

"वहिनी," तो म्हणाला, आणि माईक चालू असल्याने ते सगळ्यांना ऐकू गेलं. "काय बोलू?"

सरूबाईने पदराने डोळे पुसले. "तुमचा भाऊ गेलाय, भाऊजी. तेवढं सांगा."

"माझा भाऊ गेला," सुदर्शन म्हणाला.

सवडीसाठी राखून ठेवलेलं रडू तिथेच आलं, पन्नाशी उलटलेल्या माणसाचं बेढब, आवाजाचं रडू, आणि ते स्पीकरमधून ओढ्यापलीकडच्या कांद्याच्या वावरात गेलं. निजामने धावत येऊन माईक बंद केला. सुदर्शन तसाच चालत सुनील न्हाव्यापुढे गेला आणि पोत्यावर मांडी घालून बसला.

"सायेब," सुनील गोंधळला. "निरोप व्हता का नुसता वस्तरा..."

"निरोप राहू दे. काढ सगळे."

"विधी झालाय हो आता," भटजी म्हणाले.

"असू द्या, गुरुजी."

कॅमेरेवाले पुढे सरसावले. ऋषीने खांद्यावरचा पंचा काढला, दोन हातांत ताणून धरला आणि बापाच्या पुढे उभा राहिला. सुनीलने पाणी चोळलं. पहिली बट सुदर्शनच्या मांडीवर पडली, काळी केलेली, मुळाशी पांढरी.

स्नेहल ओला पदर पिळत जवळ आली, तेव्हा तो मान खाली घालूनच बोलला. "गटाचा फॉर्म तू भर. वरती काय सांगायचं ते मी बघतो."

"मी भरणारच होते काका. श्रेयाच्या विरोधातसुद्धा."

वस्तरा क्षणभर थांबला. सुदर्शनने हाताने खूण केली आणि सुनीलने पुन्हा हात चालवला.

"आप्पांना माहीत होतं?"

"नाही. त्यांनी भरू दिला नसता. थांब म्हणाले असते."

सुदर्शनने डोळे मिटले. बऱ्याच वेळाने, डोकं अर्धं उघडं झाल्यावर, त्याने विचारलं, "मग प्रचाराला येऊ का मी?"

स्नेहलने आईकडे बघितलं. सरूबाई भागूशेजारी जाऊन बसली होती. भागूच्या भावाची सून नुकतीच गेली होती आणि तो तिला तेच सांगत होता.

"तेरावा झाला की रविवारी घाटघरला भागूबाबांकडं दहावा आहे," स्नेहल म्हणाली. "आधी तिथं या."

"येतो. माईकचं, खुर्च्यांचं सांगून ठेवू का कुणाला?"

"तिथं माईक नसतो, काका. बसावं लागतं."